पाचट ओढणाऱ्या रेकचा शाफ्ट: दौंड तालुक्यातले एक प्रकरण

डिसेंबरातल्या एका सकाळी दोघे जण भोसरीतल्या आमच्या वर्कशॉपमध्ये आले. पिकअपमधून त्यांनी गोणपाटात गुंडाळलेला पीटीओ शाफ्ट (ट्रॅक्टरची फिरती ताकद अवजाराला पोहोचवणारा दांडा) उतरवला आणि टेबलावर ठेवला. शाफ्टचे दोन भाग झाले होते, पण तो मोडलेला नव्हता. आतला चौकोनी बार बाहेरच्या नळीतून निसटला होता. नळीचे तोंड फाकले होते आणि बाराचे टोक वाकून आले होते.

"ताई, याच्यापेक्षा जाड शाफ्ट द्या," त्यांच्यातले वयाने मोठे काका म्हणाले. "ट्रॅक्टर पंचेचाळीस एचपीचा आहे आमचा. हा पुरत नाही."

मी शाफ्ट हातात घेतला. सहा फुटी रोटाव्हेटरला लागतो तसला, चांगला दणकट. घास आणि पाचट गोळा करणाऱ्या रेकला लागते त्याच्या कितीतरी पट ताकद त्यात होती. म्हटलं, "काका, हा आधीच जास्त जाड आहे. हा सुटला कसा ते आधी बघू. आणि बोल्ट कितीदा तुटायचा तुमचा?"

"पहिल्यांदा रोज तुटायचा. आता नाही तुटत. चांगला बसवलाय."

त्या "चांगला बसवलाय"ने माझ्या पोटात गोळा आला. अशा प्रकरणात शाफ्ट विकून मोकळे होणे सोपे असते. मी तसे केले नाही, म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

गट, रान आणि रेक

हे दोघे पाच शेतकऱ्यांच्या गटातले, खडकवासल्याच्या कालव्यावर बागायत करणारे. ऊस हे मुख्य पीक, सोबत गायींसाठी लसूणघास. कारखान्याची तोड झाली की रानात एकरी तीन-चार टन पाचट पडते. पूर्वी ते पेटवून द्यायचे. दोन वर्षांपासून बेलरवाल्याला बोलावून गाठी बांधून घेतात. बेलरला पाचट ओळीत लागते, म्हणून गटाने एक जुना फिरता रेक विकत घेतला: एकच रोटर, कामाची रुंदी साडेतीन मीटर, ट्रॅक्टरच्या तीन पॉइंटवर उचलला जाणारा. तोच रेक दर पंचवीस-तीस दिवसांनी लसूणघासाच्या कापणीलाही चालतो.

रेक आला तेव्हा सोबत शाफ्ट नव्हता आणि माहितीपुस्तिकाही नव्हती. घरात रोटाव्हेटरचा शाफ्ट होता. दोन्हीकडे सहा खाचांचा, ३५ मिलिमीटरचाच जोड, त्यामुळे तो बसला. बसला म्हणून चालला. इथेच बहुतेक जण फसतात. सहा स्प्लाइनचा, म्हणजे सहा खाचांचा, जोड जवळपास सगळीकडे सारखा असतो, त्यामुळे कोणताही शाफ्ट कोणत्याही अवजाराला बसतो. पण तो त्या अवजाराचा आहे की नाही, हे जोड सांगत नाही.

रेक उचलल्यावर शाफ्ट आतल्या आत टेकू लागला, तेव्हा गावातल्या वेल्डिंगवाल्याकडून तो "अंदाजाने वीतभर" कापून आणला. गार्डची, म्हणजे शाफ्टवरच्या संरक्षक आवरणाची, प्लास्टिक नळी कापताना तडकली, ती काढून टाकली. पुढे शाफ्टच्या जोडातले शिअर बोल्ट तुटू लागले, तेव्हा ८ मिलिमीटरचे भोक मोठे करून १० मिलिमीटरचा, १२.९ ग्रेडचा ॲलन बोल्ट ठोकला. हे सगळे मनापासून, काम थांबू नये म्हणून केलेले. तोडीनंतर पाणी सोडायची घाई असते, बेलरवाला एकच दिवस देतो, आणि मजूर बायका सकाळपासून बसून असतात. ही घाई मला कळते.

काय घडले

त्या दिवशी रेक एका रानातून दुसऱ्या रानात नेताना चालकाने हायड्रॉलिकवर उचलला, पीटीओ चालूच ठेवला आणि पाटाकडेचा बांध ओलांडला. पुढची चाके बांध उतरली, मागची वर चढली, आणि शाफ्ट ताणून निसटला. रेककडचा अर्धा भाग जमिनीवर पडला. ट्रॅक्टरकडचा अर्धा भाग फिरतच राहिला. तो खालच्या लिंकवर आपटला, मडगार्डला पोच पाडला आणि हायड्रॉलिकचा एक पाइप फाडला. चालकाने क्लच दाबला म्हणून तो थांबला. मागे पाचट सावरणाऱ्या दोन बायका दहा-बारा फुटांवर होत्या. कोणाला लागले नाही.

मी विचारपूस करत गेले तशी आणखी एक गोष्ट निघाली. ती त्यांनी आपण होऊन सांगितली नव्हती, कारण ती त्यांना शाफ्टची वाटलीच नव्हती. दिवाळीआधी, घास गोळा करताना, चालकाच्या बहिणीची ओढणी शाफ्टला गुंडाळली गेली होती. ओढणी जुनी होती, फाटून निघाली. "थोडक्यात वाचली," एवढेच काका म्हणाले.

पीटीओ मिनिटाला ५४० फेऱ्यांनी फिरतो, म्हणजे सेकंदाला ९ फेऱ्या. जॉइंटच्या योकचा (शाफ्टच्या टोकाच्या दुबेळक्याचा) घेर साधारण ३० सेंटिमीटर धरला, तर कापडाचे टोक अडकल्यापासून एका सेकंदात पावणेतीन मीटर कापड आत जाते. ओढणी अडीच मीटरची असते. माणसाला काहीतरी ओढतंय हे कळून हात हलवेपर्यंत अर्धा सेकंद सहज जातो. तेवढ्यात ओढणीचा निम्म्याहून जास्त भाग गेलेला असतो. साडीचा पदर, उपरण्याचे टोक, सुटलेला सदरा, सगळ्याला हेच गणित लागू. वाचण्याचे श्रेय जुन्या कापडाला होते.

आपल्याकडे १९८३ मध्ये धोकादायक यंत्रांच्या नियमनाचा कायदा झाला. त्यात मळणीयंत्राचा समावेश आहे, कारण मळणीयंत्रात हात गेलेली माणसे गावोगाव दिसत होती. फिरता उघडा शाफ्ट मळणीयंत्राइतकाच भुकेला असतो, पण तो साधा दांडा दिसतो, म्हणून त्याची भीती वाटत नाही.

टेबलावर सापडलेल्या चुका

लांबीची चूक तर दिसतच होती. रेक पूर्ण उचललेला असताना बार आणि नळी एकमेकांत फक्त ९५ मिलिमीटर अडकलेले राहत होते. त्यातही नळीचे तोंड झिजून सैल झालेले. निदान एक तृतीयांश नळी कायम गुंतलेली राहिली पाहिजे, हा नियम सगळ्या शाफ्टना आहे. कमी गुंतली की जोर नळीच्या तोंडावर येतो, तोंड फाकते, आणि मग एका झटक्याला निसटते.

दुसरी चूक मला जास्त लागली, कारण ती कोणालाच दिसली नव्हती. चौकोनी बार नळीत चार प्रकारे बसतो, त्यातले दोन चुकीचे. ग्रीस लावायला केव्हातरी शाफ्ट सोडला असणार आणि परत घालताना तो पाव फेरी फिरून बसला. आतले दोन्ही योक एका रेषेत हवेत. ते एकमेकांना काटकोनात होते.

याने काय होते ते सांगते. युनिव्हर्सल जॉइंट, म्हणजे शाफ्टच्या दोन्ही टोकांचा वाकणारा सांधा, कोनात फिरताना एकसारखा फिरत नाही. ट्रॅक्टरकडची बाजू ५४० ने फिरत असली, तरी मधली नळी प्रत्येक फेरीत दोनदा जोरात आणि दोनदा सावकाश जाते. कोन ११ अंश असेल तर ५३० ते ५५० च्या मध्ये, फारसे काही नाही. कोन ३७ अंशांवर गेला की ४३१ ते ६७६. दोन्ही योक एका रेषेत असतील आणि दोन्ही टोकांचे कोन सारखे असतील, तर दुसरा जॉइंट ही हलचल खाऊन टाकतो आणि रेकला एकसारखी गती मिळते. योक काटकोनात असतील तर दुसरा जॉइंट ती वाढवतो: ३७ अंशांच्या कोनात रेकचा शाफ्ट ३४४ ते ८४७ च्या मध्ये हिसके खातो, सेकंदाला अठरा वेळा. "उचलल्यावर थरथरतो" अशी चालकाची तक्रार होतीच. त्याला वाटले रेक जुना आहे.

बोल्टचे गणित मी काकांसमोर कागदावर मांडले. ८.८ ग्रेडच्या पोलादाची ताणशक्ती चौरस मिलिमीटरला ८०० न्यूटन, १२.९ ची १२००, म्हणजे दीडपट. व्यास ८ वरून १० झाला, म्हणजे कापाचे क्षेत्र पुन्हा दीडपटीहून जास्त. दोन्ही मिळून बोल्ट सव्वादोन पटीहून जास्त मजबूत झाला. शिअर बोल्ट तुटण्यासाठीच असतो, तो वीस-पंचवीस रुपयांत तुटून पुढचे सगळे वाचवतो. तो तुटेना, तेव्हा पुढचे काहीतरी तुटायला लागते. काकांनी विचारले, "पुढचे म्हणजे?" मी म्हणाले, रेकची गिअरची पेटी उघडू.

बांधावर घेतलेले माप

चार दिवसांनी मी गेले. सोलापूर रस्त्याने यवत ओलांडल्यावर आत वळायचे. हडपसरच्या गर्दीत तास गेला होता, तरी जाणे गरजेचे होते. शाफ्टचे माप फोनवर विचारून घेतले की चुकते, हे मी आधी दोनदा पैसे घालवून शिकले आहे.

पेटीचे झाकण काढले तर आतल्या ग्रीसमध्ये चमचम दिसली. छोट्या पिनियनचे (दातेरी चाकाचे) दोन दात कोपऱ्यात उडाले होते. अजून चालण्यासारखे होते, पण बोल्टने न सोसलेला मार कुठे गेला ते सगळ्यांनी डोळ्यांनी पाहिले. त्यानंतर "जाड" हा शब्द गटात कोणी काढला नाही.

शेडमध्ये, सपाट फरशीवर, ट्रॅक्टरच्या आणि रेकच्या शाफ्टवरच्या कुलपाच्या खाचांमधले अंतर मोजले: दोन्ही शाफ्ट एका पातळीत असताना ६९० मिलिमीटर, पूर्ण उचलल्यावर ७९०. बहुतेक जण इथेच थांबतात आणि शाफ्ट कापतात. पण शाफ्ट शेडमध्ये निसटला नव्हता. त्यामुळे आम्ही ट्रॅक्टर त्याच बांधावर नेला, पीटीओ बंद ठेवून.

शाफ्टच्या जागी वर्कशॉपमधली सरकत्या नळ्यांची एक लांब जुनी जोडी बसवली. आतल्या नळीवर बाहेरच्या नळीच्या तोंडाशी एक रबरी रिंग चढवली. शाफ्ट जितका आखडेल तितकी ती ढकलली जाते आणि तिथेच राहते. सर्वांत जास्त ताण मोजायला रेककडच्या टोकाला दोरी बांधली आणि ट्रॅक्टरकडच्या टोकाला ती कपड्यांच्या चिमट्यातून ओवली. ताणले की दोरी चिमट्यातून सरकते आणि परत मागे जात नाही. चालकाने बांध तीनदा ओलांडला, एकदा सरळ, दोनदा तिरका. उत्तर आले: सर्वांत आखूड ६७५, सर्वांत लांब ८४५. शेडमधल्या मापापेक्षा ताण ५५ मिलिमीटर जास्त. जुन्या शाफ्टची ९५ ची पकड त्या बांधावर ४० वर आली होती, म्हणजे दोन बोटे.

कोनही पाहिला. मोबाइलमधले लेव्हलचे ॲप नळीवर ठेवले की पुरते. काम करताना ११ अंश, पूर्ण उचलल्यावर ३७. साधा जॉइंट चालू स्थितीत पंचवीसेक अंशांपर्यंत निवांत चालतो, थोडा वेळ पस्तीसपर्यंत सोसतो, त्यापुढे तो क्रॉसच्या (दोन योक जोडणाऱ्या, अधिक चिन्हासारख्या तुकड्याच्या) बेअरिंगला खाऊ लागतो.

आणखी एक गोष्ट चालकाशी बोलताना कळली. ट्रॅक्टरला रिव्हर्स पीटीओ आहे. रोटाव्हेटर गच्च झाला की तो उलटा फिरवून सोडवतो, तसाच रेकही एक-दोनदा उलटा फिरवला होता. रेकचे हात आतल्या कॅमवर, म्हणजे त्यांना वळवणाऱ्या कोरीव खाचेवर, चालतात. कॅमचा रस्ता एकाच दिशेने फिरण्यासाठी कोरलेला असतो. उलट फिरवले की दात्यांचे हात चुकीच्या जागी उतरून जमिनीत रुततात. हे मी त्याला जमिनीवर काडीने काढून दाखवले.

किती ताकद, कोणता आकार

फिरत्या रेकला फार ताकद लागत नाही. कामाच्या रुंदीच्या दर मीटरला दोनेक किलोवॅट धरतात. साडेतीन मीटरला ७ किलोवॅट, म्हणजे साडेनऊ अश्वशक्ती. हे लोक पूर्ण ५४० वर चालवायचे. मी ४५० वर आणायला सांगितले, कारण जोरात फिरवले की पाचटासोबत माती उडते आणि लसूणघासाची पाने झडतात. घासातले बहुतेक प्रोटीन पानात असते. सकाळी दव असताना, थोड्या कमी फेऱ्यांवर ओढलेला घास गायीला जास्त मोलाचा.

७ किलोवॅट ४५० फेऱ्यांवर म्हणजे साधारण १५० न्यूटन-मीटर पीळ. (किलोवॅट गुणिले ९५४९, भागिले फेऱ्या. हे सूत्र भिंतीवर लिहून ठेवण्यासारखे आहे.) तिकडे ट्रॅक्टर पीटीओवर अठ्ठावीसेक किलोवॅट देऊ शकतो, म्हणजे ५४० वर जवळपास ५०० न्यूटन-मीटर. कामाला १५० पुरतात, मागे ५०० उभे आहेत. रोटर दगडात किंवा बुडख्यात अडकला की ट्रॅक्टर ते ५०० च्या ५०० आत ढकलतो.

म्हणून मी सुरुवात शाफ्टपासून न करता कमजोर कडीपासून केली. एव्हाना रेकची पुस्तिका एका ओळखीच्या विक्रेत्याकडून मिळाली होती. त्यात रेकच्या बाजूला ३०० न्यूटन-मीटरवर सुटणारा, शाफ्टमध्येच बसणारा क्लच सांगितला होता, कामाच्या पिळाच्या दुप्पट. शाफ्ट त्याहून मजबूत हवा, पण रेकच्या पेटीला झोडपून काढेल इतका जड नको.

शाफ्टचे आकार नंबरने ओळखतात. बहुतेक कंपन्यांच्या तक्त्यात ५४० फेऱ्यांना २ नंबर १५ किलोवॅटचा, ४ नंबर २६ किलोवॅटचा आणि ६ नंबर ४७ किलोवॅटचा. २ नंबरची रोजची मर्यादा २६५ न्यूटन-मीटर येते. क्लच सुटायच्या आधीच शाफ्ट मर्यादेपलीकडे जाईल, म्हणून तो बाद. ४ नंबरची मर्यादा ४६०, क्लचच्या ३०० च्या वर आरामात. ६ नंबर, जो ते आजवर लावत होते, त्याला रेकचे ओझे जाणवलेच नसते, पण त्याचे वजन आणि त्याचा हिसका पेटीने सोसला असता. आम्ही ४ नंबरवर ठरवले. त्याच्या क्रॉसच्या टोप्या २७ मिलिमीटरच्या आणि टोकापासून टोकापर्यंत ७४.६ मिलिमीटर. दुकानात नंबर माहीत नसला, तरी व्हर्नियरने ही दोन मापे घेऊन क्रॉस सहज सापडतो.

काका एका गोष्टीवर अडले आणि त्यांचे अडणे बरोबर होते: "शिअर बोल्टवाला स्वस्त आहे की." स्वस्त आहे. लसूणघासाच्या सपाट रानात मी तोच दिला असता. पण तोडलेल्या उसाच्या रानात बुडखे असतात, सऱ्या असतात, आणि गोळा करायच्या राहून गेलेल्या ठिबकच्या नळ्या असतात. रोटर दिवसातून चार-पाच वेळा अडकणारच. दर वेळी ट्रॅक्टर थांबवून, खाली उतरून, बोल्ट बदलायचा म्हटले की पाचव्या वेळी चालक घट्ट बोल्ट शोधतो. रोज मोडणारा नियम माणसाकडून पाळून घेणे अवघड, म्हणून तो यंत्रातच घालावा. रॅचेटचा क्लच जोर वाढला की कटकट आवाज करून घसरतो, चालकाने ट्रॅक्टरचा क्लच दाबून फेऱ्या उतरवल्या की पुन्हा पकडतो. त्यात बदलायला बोल्ट नाही, त्यामुळे चुकीचा बोल्ट टाकायला जागाही नाही. क्लच नेहमी रेकच्या बाजूला बसवायचा. ट्रॅक्टरकडे बसवला तर बचाव नीट होत नाही आणि ते वजन पीटीओच्या बेअरिंगवर येते.

वाइड अँगल जॉइंटचाही विषय निघाला, कारण एका विक्रेत्याने तोच गळ्यात मारायचा प्रयत्न केला होता. मागे ओढल्या जाणाऱ्या, वळणावर सत्तर अंशांपर्यंत वाकणाऱ्या अवजाराला तो हवा. तीन पॉइंटवर बसणाऱ्या रेकला त्याची गरज नव्हती. उचलायची उंची आवरली तर साधा जॉइंट पुरतो. तेवढे पैसे गार्डवर घातले.

बिनशाफ्टचा, चाकांचा रेकही चर्चेत आला. तो जमिनीच्या घर्षणावर फिरतो, पीटीओ लागतच नाही, म्हणून कापड अडकायचा प्रश्नच उरत नाही. नवा रेक घ्यायचा असता तर घासासाठी मी त्याचा विचार करायला सांगितले असते. पण तो जमिनीला टेकून चालतो, ओलसर जड पाचटात खडे आणि माती जास्त ओढतो, आणि बेलरवाला मातीच्या गाठी नाकारतो. शिवाय हा रेक घेऊन झालेला होता.

नळी, क्रॉस आणि खरेदी

नळीचा आकार लिंबाच्या कापासारखा, दोन बाजूंनी फुगीर, असा निवडला. ही नळी दोनच प्रकारे बसते आणि दोन्ही वेळा योक एका रेषेत येतात. चौकोनी नळीतली काटकोनाची चूक तिच्यात होऊच शकत नाही. पूर्वी मी ग्राहकाला चौकोनी नळीवर रंगाची खूण करून द्यायचे. खूण ग्रीसमध्ये पुसली जाते, नळीचा आकार राहतो.

सुटे भाग पाहायला आम्ही नाना पेठेत एक दुपार घालवली. तिथे दोन गोष्टी तपासा. योक फोर्जिंगचा असेल तर त्याच्या कडेने साच्याची एक रुंद, घासून काढलेली पट्टी दिसते. ओतीवाचा असेल तर पृष्ठभाग वाळूसारखा खरखरीत आणि साच्याची रेघ बारीक. रेकलासुद्धा ओतीव योक घेऊ नका, तो वाकत नाही, थेट फुटतो. आणि क्रॉस हातात घेऊन चारही टोप्या बोटांनी फिरवा. एकही अडखळत असेल तर तो तिथेच ठेवा. दिसायला चकचकीत, पण बेअरिंगच्या सुया दाबून बसवलेले क्रॉस एका हंगामात वाजायला लागतात.

बसवताना

बांधावरच्या मापांवरून शाफ्ट कापला. सर्वांत आखूड ६७५ मधून ३५ मिलिमीटर मोकळे सोडून बंद लांबी ६४० ठेवली. नळ्या ४१० च्या झाल्या. सर्वांत ताणलेल्या जागी, ८४५ ला, त्या १९५ मिलिमीटर गुंतलेल्या राहतात, निम्म्याला जरा कमी आणि तिसऱ्या भागापेक्षा बरेच जास्त. दोन्ही नळ्या आणि गार्डच्या दोन्ही नळ्या सारख्याच लांबीने कापायच्या, कानशीने कडा मोडायच्या, लोखंडाचा बुरा फडक्याने काढायचा आणि मगच ग्रीस. बुरा राहिला की तो ग्रीससोबत आत जाऊन वाळूकागदासारखे काम करतो. कापणीच्या वेळी चालक शेजारी उभा होता. त्याला मुद्दाम बोलावले होते, कारण पुढच्या वेळी तोच कापणार.

गार्डवर मी सर्वांत जास्त वेळ घातला. गार्ड शाफ्टवर नायलॉनच्या बेअरिंगवर बसतो आणि त्याने स्थिर राहायचे असते, शाफ्ट आत फिरतो. त्याला दोन्ही टोकांना साखळ्या असतात. साखळी बांधली नाही तर गार्ड शाफ्टसोबत फिरू लागतो, आणि फिरणारा गार्ड उघड्या शाफ्टइतकाच कापड ओढतो. वरून माणसाला वाटते झाकलेले आहे. एक साखळी ट्रॅक्टरच्या न हलणाऱ्या भागाला, दुसरी रेकच्या फ्रेमला, इतकी सैल की उचलताना ताणली जाऊ नये आणि इतकी आखूड की गुंडाळली जाऊ नये. बांधून झाल्यावर रेक वर-खाली करून, डावी-उजवीकडे वळवून पाहिले. शाफ्ट सोडून ठेवताना साखळीला टांगायचा नाही, त्यासाठी रेकवर हूक वेल्ड करून दिला.

गार्डच्या शंकूने रेककडच्या झाकणात निदान ५० मिलिमीटर आत जायला हवे. रेकचे झाकण तुटलेले होते, ते दोन मिलिमीटरच्या पत्र्याचे नवे केले. ट्रॅक्टरच्या पीटीओवरचे मूळ लोखंडी झाकण कधीच काढून घरामागे टाकलेले होते. ते काकूंनी शोधून आणले. त्यावर त्या कोंबड्यांचे पाणी ठेवत होत्या.

उचलायची उंची आवरण्यासाठी हायड्रॉलिकच्या पोझिशन लिव्हरच्या खाचेत एक बोल्ट लावला. रेक आता ओळ ओलांडण्यापुरताच वर येतो आणि कोन २४ अंशांवर थांबतो. बांध ओलांडताना मात्र पूर्ण उचलावे लागते, तेव्हा बोल्ट काढायचा आणि पीटीओ बंद करायचा. ट्रॅक्टर डबल क्लचचा आहे, त्यामुळे पीटीओ वेगळा थांबवता येतो. बांधाच्या आधी पीटीओ बंद करायची सवय लागायला चालकाला आठवडा लागला, असे तोच म्हणाला.

बायकांशी मी वेगळी बोलले. शाफ्ट चालू असताना ट्रॅक्टर आणि रेकच्या मध्ये जायचे नाही, पदर आणि ओढणी खोचून वर साधा शर्ट घालायचा, रेकमागे सात-आठ पावले अंतर ठेवायचे. दात्यात काही अडकले तर चालकाला हाक मारायची, आपण हात घालायचा नाही. त्यातल्या एकीने विचारले, "आणि चालकाला ऐकू नाही आले तर?" प्रश्न अचूक होता. तेव्हा ठरले की हाक मारायची नाही, समोर जाऊन दोन्ही हात वर करायचे, आणि ट्रॅक्टरची चावी चालकाच्या हातात दिसेपर्यंत रेकजवळ जायचे नाही.

हंगामानंतर

गाळप संपल्यावर एप्रिलमध्ये शाफ्ट परत टेबलावर आला, या वेळी तपासणीला, आणि अख्खा.

क्रॉसमध्ये खेळ नव्हता. आठ तासांनी ग्रीस द्यायचे ठरले होते. चालकाने गार्डवर खडूने तारखा लिहिल्या होत्या, दोन-तीन चुकलेल्या, बाकी नियमित. नळ्या आतून चकचकीत, पण कडेला ओरखडे नाहीत. रॅचेट किती वेळा वाजला असे विचारले, तर म्हणाला पाचटात रोजच. दोनदा ठिबकची नळी रोटरला गुंडाळली, दोन्ही वेळा कटकट झाली आणि तो थांबला. पेटी उघडून पाहिली. पिनियनचे ते दोन कोपरे तसेच होते, त्यात भर पडली नव्हती. पावसाळ्यात पिनियन बदलायचे ठरले.

गार्डचे रेककडचे नायलॉन बेअरिंग मात्र एका बाजूने झिजले होते. ग्रीस क्रॉसला आणि नळीला गेले, गार्डच्या बेअरिंगला नाही. त्याचे ग्रीस भरायचे निपल शंकूच्या आत लपलेले असते आणि मी ते दाखवायला विसरले होते. या वेळी शंकूवर बाहेरून लाल बाण काढून दिला. ट्रॅक्टरकडची साखळीही एका कडीने लांबलेली होती. ती बदलली आणि बांधायची जागा लिंकच्या पिनेवरून चेसिसच्या भोकात नेली, कारण पीन फिरते आणि साखळीला पीळ देते.

जुना रोटाव्हेटरचा शाफ्ट काकांनी विकला नाही. नवी नळी घालून, योक एका रेषेत लावून, ८ मिलिमीटरचे भोक असलेला नवा फ्लँज (बोल्ट बसतो ती चकती) आणि ८.८ चे डझनभर बोल्ट घेऊन तो पुन्हा रोटाव्हेटरला गेला. त्याच्या गार्डची ऑर्डर पुढच्या आठवड्यात येईल.